कपारीला पाठवलेली हाक

हे घडलेलं आहे. ज्याच्या घरात घडलं तो दिपेश माझा मावसभाऊ, आणि तो थापा मारतो हे मलाही माहीत आहे. फ्लॅटच्या एजंटाचा धंदाच तसा. नाल्याकडे उघडणाऱ्या खिडकीला तो 'सी व्ह्यू' म्हणतो. पण हे सांगताना तो एकदाही हसला नाही.

गेल्या दिवाळीनंतरचा पहिला मंगळवार. दुपारचे बारा.

जागा, उरणच्या अलीकडे दिपेशच्या जुन्या गावामागची टेकडी.

टेकडी मधोमध चिरल्यासारखी आहे. दोन काळे कडे समोरासमोर, मध्ये पंधरा पावलांची वाट. तिला हाकेची कपार म्हणतात. तिथे टाळी वाजवा, परत येत नाही. शीळ घाला, परत येत नाही. खालच्या यार्डात कंटेनरचे ट्रेलर दिवसभर हॉर्न मारतात, आत त्यातलं काही पोचत नाही.

परत येतं ते फक्त माणसाचं नाव...

एकदाच. हाक मारणाऱ्याच्याच आवाजात.

गावाची रीत अशी, की वर्षातून एकदा घरातल्या थोरल्या बाईने तिथे उभं राहून एकेकाला हाक मारायची. नाव परत आलं की ते माणूस वर्षभर सुखरूप. स्वतःचं नाव घ्यायचं नाही. मग ओढा ओलांडेपर्यंत गप्प चालायचं. जमिनी गेल्या, इमारती आल्या, बाकीच्या बायांनी ही रीत कधीच सोडली. दिपेशच्या आईने, आमच्या गोजरामावशीने, सोडली नाही. नेरूळला सातव्या मजल्यावर राहायला आली तरी दरवर्षी रिक्षा करून जायची.

गेल्या वर्षी मात्र तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं. टेकडी चढणं शक्य नव्हतं.

दिपेश म्हणजे लिफ्ट येईपर्यंत दोन फोन उरकणारा माणूस. त्याने तोडगा काढला. आईने हाका मोबाइलवर रेकॉर्ड करायच्या, तो कपारीत स्पीकरवर लावणार. चार वाजता त्याला खांदेश्वरला फ्लॅट दाखवायचा होता, तोही जमणार होता.

मावशी तयार नव्हती.

"हाक एकटी धाडू नको, दिपेश," ती म्हणाली. "हाकेच्या मागं मानूस उभं लागतं."

मग व्हिडिओ कॉल लावू का, असं त्याने विचारलं. त्याची बायको रंजिता हसली. शेवटी नातीसाठी म्हणून मावशीने फोनसमोर तीन नावं घेतली. दिपेश. रंजिता. ज्ञानेश्वरी. ज्ञानेश्वरी म्हणजे त्यांची मुलगी, तेव्हा चार वर्षांची.

सोबत धंद्यातला भागीदार नदीम होता. तोही उरणचाच. पुढच्या वर्षी हाक कुरिअरने पाठव म्हणून वाटभर चिडवत होता. कपार आली तसा बाहेरच थांबला.

"मी इथंच बरा. दादीने सांगून ठेवलंय, आत तोंड उघडायचं नाय."

"मी पन नाय उघडत," दिपेश म्हणाला. "स्पीकर उघडतोय."

तो मध्यावर गेला. स्पीकर दगडावर ठेवला. बटण दाबलं.

"दिपेश..."

कड्यावरून मावशीचा आवाज परत आला. दिपेश.

"रंजिता..."

परत आला.

"ज्ञानेश्वरी..."

तोही आला. अगदी स्वच्छ.

रेकॉर्डिंग संपलं. पाच मिनिटांत काम झालं म्हणून दिपेश खूश. त्याने स्पीकर बंद केला, उचलला...

"गोजरा."

मावशीच्याच आवाजात.

हे नाव रेकॉर्डिंगमध्ये नव्हतं. ते कुणी घेतलंच नव्हतं.

"गोजरा..."

आता जवळून. स्वयंपाकघरातून बाहेरच्या खोलीत हाक मारावी, इतक्या जवळून.

दिपेश पळाला. पायाखाली खडी होती, पण तिचा आवाज येत नव्हता. स्वतःचा श्वासही ऐकू येत नव्हता. नदीमने त्याचा दंड धरला. नदीमचे ओठ हलत होते...

ओढा ओलांडला, तेव्हा कानात एकदम कावळे, ट्रेलर, नदीमच्या शिव्या, सगळं शिरलं.

आणि फोन वाजला. रंजिता होती.

"लवकर या. आई बोलत नाहीयेत."

कुकरच्या शिट्टीवरून मावशी तिला बोल लावत होती. वाक्याच्या मध्यावर आवाज गेला. मावशीला ते कळलंही नाही, ती पुढे बोलतच राहिली.

तीन डॉक्टर झाले. घसा ठीक, नसा ठीक. तिघांनीही टेन्शन न घ्यायला सांगितलं.

पुढच्या मंगळवारी चौघांनी मावशीला खुर्चीत बसवून टेकडीवर नेलं. माणूस मागे हवं होतं ना, ते आणलं. मावशीने कपारीत तोंड उघडलं. काही आलं नाही.

थोडा वेळ गेला...

मग कड्यानेच हाक मारली. तिच्या आवाजात.

"दिपेश..."

आणि थांबला. ओ मिळेपर्यंत थांबतो तसा.

दिपेश सवयीने 'काय आय' म्हणणारच होता. मावशीने खुर्चीतून झेप घेऊन त्याच्या तोंडावर हात दाबला. गुडघ्याचे टाके उसवले. तरी हात काढला नाही.

"रंजिता..." कपार म्हणाली. "ज्ञानेश्वरी..."

कुणी ओ दिली नाही.

त्या दिवसापासून घरात नियम झाला. समोर तोंड दिसल्याशिवाय हाकेला उत्तर द्यायचं नाही. मोठ्यांना जमलं. ज्ञानेश्वरीला रंजिताने चिमटे काढून शिकवलं. मावशी तर दिवसभर नातीजवळ बसायची, एक हात मोकळा ठेवून.

जूनमध्ये मुलगी शाळेत जायला लागली. ती हजेरीला ओ देत नाही म्हणून बाई तक्रार करायच्या. दिपेश माफी मागायचा आणि घरी येऊन तिला चॉकलेट द्यायचा.

गेल्या शुक्रवारी रंजिता तिला आणायला गेली, तर बाई खुशीत होत्या.

"आज बोलली हो तुमची मुलगी. वर्गाबाहेरून आजीने हाक मारली, तर लगेच 'आले' म्हणाली. मी बाहेर बघेपर्यंत आजी गेल्या पण. आवाज काय गोड आहे त्यांचा."

रंजिता मुलीला कडेवर घेऊन रिक्षाने घरी आली. मावशी सोफ्यावर होती. सकाळपासून तिथेच होती.

ज्ञानेश्वरी टीव्हीसमोर बसली. कार्टून मोठ्याने चाललेलं. ती त्यातलं गाणं म्हणत होती, मान डोलावत.

रंजिताने टीव्ही बंद केला.

ज्ञानेश्वरीचे ओठ हलतच होते...

मी काल त्यांच्याकडे जाऊन आलो. बेल वाजवली. बाहेरून नावाने हाक मारली नाही.

परत निघून जिना उतरताना मात्र वरून कुणीतरी मला हाक मारली. लहान मुलीच्या आवाजात.

मी वर बघितलं नाही.