दोनशे बारा अर्धे चेहरे

मंगळावरील अरुणतळ वस्तीत त्या दिवशी प्रत्येक घराच्या पडद्यावर एकच चेहरा गोठला होता. डोळे उघडे होते, कपाळ होते. ओठांच्या जागी मात्र करडी पोकळी. बोगद्यातून धावताना इरावतीला भासले, की दोनशे बारा दारांतून एकच बाई आपल्याकडे टक लावून पाहत आहे.

ती बाई पृथ्वीवरील शल्यचिकित्सक (शस्त्रक्रिया करणारी डॉक्टर) होती. इरावतीचा धाकटा भाऊ निहार याच्या पोटावर तातडीने करावयाची शस्त्रक्रिया तिने चित्रफितीत समजावली होती. वस्तीतील डॉक्टरांनी ती पूर्वी कधी केलेली नव्हती. आणि चार तासांनी पृथ्वी सूर्याआड जाणार होती. मग पंधरा दिवस पृथ्वीशी संपर्क नाही.

"आजोबा, फीत अर्ध्यावरच थांबते," इरावती धापा टाकत म्हणाली.

वस्तीचे संदेशकेंद्र सांभाळणाऱ्या त्र्यंबक आजोबांनी चष्मा सावरला. "मागवली कोणी?"

"सगळ्यांनी. एका घरी तरी पूर्ण उतरेल म्हणून. वेणूकाकूंनी तर नऊदा बटण दाबले."

"धन्य तुमची वेणूकाकू. अगं, दोनशे बारा जणांनी एकाच तांब्याला तोंड लावले, तर तहान कोणाची भागेल? त्यातून संपर्काचा धागा तुटला, की प्रत्येकाची फीत पुन्हा पहिल्यापासून."

आजोबांनी सर्व मागण्या बंद केल्या. क्षणात बोगद्यातील सारे चेहरे विझले.

"पृथ्वीला फितीचे सहाशे तुकडे पाडायला सांगू," आजोबा म्हणाले. "प्रत्येकाला क्रमांक आणि ठसा (तुकडा न बिघडता आला की नाही, हे ओळखण्याची खूण). पृथ्वीकडे मागणी एकट्या केंद्राने करायची. आलेला तुकडा साठवायचा. बिघडला, तर तेवढाच पुन्हा मागवायचा."

"आणि बाकीची घरे?"

"ती केंद्राकडून घेतील, मग एकमेकांकडून. ज्याला मिळाले, तो पुढच्याला देईल. मागणारे वाढले, की देणारेही वाढतात. यालाच विस्तारक्षमता (भार वाढला तरी न कोलमडण्याचा गुण) म्हणतात."

मागणी पोहोचून उत्तर येण्यास पाऊण तास लागे. तुकडे आले ते वाटेल त्या क्रमाने. प्रथम नुसते ओठ हलले, आवाजावाचून. मग आवाज आला, पण चेहऱ्यावाचून, रिकाम्या पडद्यातून ती बाई हळू म्हणाली, "आता घाई करू नका."

तीन तुकड्यांचे ठसे जुळले नाहीत. इरावतीने तेवढेच तीन पुन्हा मागवले आणि खरखर वाढत असताना पडद्यासमोर बसून राहिली. दोन आले. तिसरा आला, आणि त्यानंतर खरखरही थांबली. पृथ्वी मुकी झाली होती.

डॉक्टरांनी फीत दोनदा पाहिली, हात धुतले, दार लावले.

तिसऱ्या दिवशी निहारने खिचडीत मीठ कमी असल्याची तक्रार केली. इरावती तेव्हा संदेशकेंद्रात होती. ध्रुवाजवळच्या नव्या वस्तीत अजून शल्यचिकित्सक नव्हता. तिकडे ती त्याच फितीचा एकेक तुकडा ठसा तपासून पाठवीत होती.