थोरल्याचा डाव

ही हकीकत खरी आहे. ज्यांना पटत नसेल त्यांनी वाचू नये. मी, सत्यवती, कुणाच्या दाखल्यावर जगत नाही.

दाजी, दाजींचे भाई, भाईंचे बाबा. मालवणच्या किनाऱ्यावर तीन पिढ्यांनी होड्या हाकल्या. बाबा म्हणजे माझे यजमान. चौथ्या पिढीतला माझा धाकटा, गुरुप्रसाद, होड्या हाकायचा त्या संगणकावर!

हातात मावणारा जुना व्हिडिओ गेम; ती यंत्रे केव्हाच मोडीत गेली. 'इम्युलेटर' नावाचा प्रोग्राम आता त्यांचे सोंग घेतो म्हणे. यंत्राने यंत्राचे सोंग घ्यायचे आणि घोड्याएवढ्या मुलाने त्यापुढे बसायचे!

तसले एक यंत्र थोरल्या किरणचे होते. तो समुद्रात बुडाला; देह किनाऱ्याला लागला, तेव्हा ते मी त्याच्या चितेवर ठेवले.

२००७चा भाद्रपद. किरणचा म्हाळ, पितृपक्षातले श्राद्ध. भर दुपार.

पान वाढून अंगणाच्या गडग्यावर, दगडी कुंपणावर ठेवले. कावळे आले. बसले.

एकही शिवेना...

एकही ओरडेना...

"तुझी होडी विकूचंय नाय रे," मी शब्द दिला. कावळे ढिम्म.

मी धाकट्याकडे वळले. "तेचा काय देणा रवला तुझ्याकडे?"

त्याची मान खाली. "आये, त्या दिशी दर्यार जाताना दादा गेम मागी होतो. मी म्हटलंय, ह्यो डाव संपांदे, मगे तुझो."

"मगे?"

"तो तसोच गेलो."

इतक्यात घरातून त्या खेळाचा किरटा आवाज आला...

घरातली सगळी माणसे अंगणात होती.

"चालू ठेवलंस काय रे मेल्या?"

"बंद आसा, आये."

आम्ही आत गेलो. संगणकाचा पडदा उजळलेला. किनाऱ्याशी होडी उभी. गुरुप्रसादचा हात सवयीने पुढे गेला.

"हात काढ! तेचो डाव तेका दी."

त्याने खुर्ची मागे ओढली. "दादा... डाव तुझो."

कळ दबली... आपोआप.

होडी हलली नाही. लहान लाट गेली. आणखी एक गेली. मोठी लाट येऊन फुटली...

मग होडी सुटली.

मोठी लाट जाऊ देऊनच होडी लोटायची, ही किरणची रीत. धाकट्याला एवढा धीर कधीच नव्हता.

होडी पैलतीराला लागली. पडदा काळा झाला.

बाहेर कावळा ओरडला. पान रिकामे.

तो संगणक मी पुन्हा लावू दिलेला नाही. मी भिते, असे कुणी समजू नये. पण दुपारी त्या खोलीपुढून जाताना पाऊल हळू पडते, आणि का ते मला सांगता येत नाही.

किरणच्या पानापुढे कावळे मात्र आता अडून बसत नाहीत, लगेच शिवतात. थोरल्याचे देणे फिटले. पुरते फिटले.