खिडकीची घंटा

माणसानं आजवर जे जे उभारलं त्यात आमच्या शहराइतकं उदात्त दुसरं काही नाही, कारण ते दगडामातीवर उभं नसून निव्वळ आवाजावर तरंगतं. आता हा आवाज बहुतांशी कुणाच्या तरी सासऱ्याच्या घोरण्याचा असतो, ही गोष्ट वेगळी.

त्याचं असं आहे. आमच्याकडे प्रत्येक गल्ली एकेका मोठ्या घंटेच्या घुमण्यावर ढगांत अधांतरी राहते. घंटा ओतताना आधी साच्यात कुणाचा तरी जिवंत आवाज सोडायचा, मग त्यावर वितळलेलं कासं. आवाज धातूत मुरला की घंटा गल्ली उचलते. मात्र दिलेला आवाज देणाऱ्याकडे उरत नाही. म्हणून गाणं कुणी देत नाही. उचक्या, खाकरणं, घोरणं असलं घरातलं नको असलेलं सामान लोक मोठ्या मनानं शहराला अर्पण करतात. आमच्या शेजारणीनं आपलं ओरडणं दिलं. आता नवऱ्यावर चिडली की बिचारी कमरेवर हात ठेवून नुसती बघत राहते. नवरा म्हणतो, हे जास्त वाईट आहे.

मी जन्मभर घंटा सुरात लावल्या. आतून कानस फिरवायची, टोला द्यायचा, कान लावायचा. घंटा बिघडली की कारण सापडतंच: भेग असते, बुडबुडा असतो, नाहीतर मालकाचा मेहुणा मध्ये पडलेला असतो. चौथं कारण मला कधी भेटलं नव्हतं.

मग धाकटीनं, म्हणजे माझ्या मुलीनं, स्वतःची पहिली घंटा ओतायला घेतली. जुनी गल्ली खचत चालली होती. तिथल्या लोकांसाठी नवी गल्ली बांधून तयार होती, फक्त तिला उचलणारं कुणी नव्हतं. आवाज माझा द्यायचा ठरला. घोरणंच, दुसरं काय! माझ्या बायकोनं, म्हणजे आमच्या हिनं, तर त्या आनंदात नवी उशी शिवली.

भट्टीशेजारी आरामखुर्ची टाकली, तोंडासमोर पत्र्याचा कर्णा, त्याचं दुसरं टोक साच्यात. ओतकामाच्या वेळी खिडक्या बंद ठेवायच्या, बाहेरचं काही आत यायला नको, हा आमचा सगळ्यात जुना नियम. पण मी घामाघूम झालेला पाहून हिला दया आली. संसारात पहिल्यांदाच आली, तीही नेमकी तेव्हा. मला झोप लागल्यावर हिनं खिडकी उघडली.

घंटा टांगली त्या दुपारी सगळं शहर पुलावर लोटलं होतं. लोक भांडीकुंडी, गाद्या, पिंजऱ्यातले पोपट घेऊन उभे. धाकटीनं टोला दिला आणि काय सांगू, ती अख्खी गल्ली दाराखिडक्यांसकट, वाळत घातलेल्या चादरींसकट डुलत वर आली! लोकांनी टोप्या उडवल्या. मी तर कुणाच्या तरी पोपटालाच मिठी मारली.

टोल्याचा घुमारा विरत आला आणि त्यातून माझा आवाज म्हणाला, “ती खिडकी लाव गं, गार लागतंय.”

लोक पोट धरून हसले. मीही हसलो. फक्त, हे वाक्य मी कधी बोललोच नव्हतो.

“भट्टीला चिकटून बसलेल्या माणसाला गार कसं लागेल?” मी हिला विचारलं.

“ते राहू द्या. घोरणं दिलंत ना तुम्ही? मग काल रात्री कोण घोरत होतं?”

मी घंटेत शिरलो. भेग नव्हती, बुडबुडा नव्हता. मेहुणा मला मुळात नाहीच.

रोज सकाळी घंटा वाजे आणि वाक्याच्या पुढे थोडं थोडं वाढत जाई. आधी खुर्चीची करकर. मग चपलांचा आवाज, डावी चप्पल घासत येणारी. मग खिडकीची कडी. मग धाकटीचा आवाज: “बाबा?”

त्यानंतर जरा मोठ्यानं: “बाबा?”

तेवढंच. उत्तर नाही.

धाकटीच्या तोंडचं पाणी पळालं. “मी उतरवते ती घंटा. आजच वितळवते.”

“आणि गल्ली? माणसं राहायला आलीत तिथं. कालच कुणीतरी पडदेसुद्धा लावले.”

“बाबा, ते तुमचं शेवटचं…”

“समजलं मला. त्या उघड्या खिडकीतून माझा पुढचा दिवस साच्यात शिरला. पण नियम काय? दिलेला आवाज आपला राहत नाही. बघ हं.” मी तोंड उघडलं, ते वाक्य म्हणायला गेलो. ओठ हलले, आवाज शून्य. ‘खिडकी उघड’ म्हटलं, खणखणीत आलं. ‘गार आहे बुवा’, तेही आलं. तेवढं एक वाक्य मात्र निघेना!

आमचं नाचायचंच काय ते बाकी होतं. जे वाक्य बोलून मी मरणार, ते मला बोलताच येत नाही. म्हणजे मला मरायची सोयच उरली नाही!

“म्हणजे यांचं घोरणं मी कधीपर्यंत ऐकायचं?” हिनं विचारलं आणि डोळे पुसले.

आज सकाळी घंटा वाजली. खुर्ची करकरली, चपला आल्या, कडी लागली, “बाबा?” दोनदा. सुरुवातीचं वाक्य मात्र नव्हतं. त्याच वेळी नवी गल्ली एका अंगाला कलली. फार नाही, टेबलावरची पेन्सिल गडगडेल इतकीच.

वाक्य परत आलंय. तेव्हापासून ते माझ्या जिभेवर बसून आहे. मी बोललो तर मागचे आवाज एकेक करून त्याच्यामागे निघतील, घंटा रिकामी होईल आणि गल्ली तिच्या पडद्यांसकट खाली जाईल. म्हणून सकाळपासून मी तोंड मिटून बसलोय. लोकांना वाटतंय, दाढ दुखतेय.

धाकटी समोर बसून नव्या घंटेचा साचा करतेय. संध्याकाळपर्यंत ती टांगली की गल्ली वाचली. कासं उकळतंय, तिचे हात भराभर चाललेत, आणि खरं सांगतो, इतकी मजा मला वर्षानुवर्षं आली नव्हती. नियमाचं म्हणाल तर अजून ओतायला वेळ आहे, त्यामुळे खिडकी सताड उघडी. मघाशी जिन्यात तिच्या डाव्या चपलेचा अंगठा तुटला. तशीच घासत चालतेय.

बोलायचं नाही, पण लिहायला कुणाची मनाई आहे? म्हणून हे सगळं लिहून कागद तिच्याकडे सरकवतोय.

बाळ, मनातल्या मनात वाच, मोठ्यानं नको. आणि हातातलं काम झालं, की ती खिडकी लाव गं, गार लागतंय.