आधी कोण बोललं?

पोलादाची पट्टी यंत्राच्या दोन जबड्यांत आवळून धरली होती. ताण वाढत होता आणि पट्टीला काही म्हणजे काही होताना दिसत नव्हतं. कर्ण्यातून मात्र बोटं मोडल्यासारखे आवाज यायला लागले. टिक्. टिक्. मग टिक्टिक्.

"ऐकलंत?" डॉ. अच्युत सबनीस म्हणाले. "पट्टी तुटायला अजून वीस मिनिटं आहेत. पण आत भेग सुरू झाली. तुटणारी वस्तू आधी बोलते. ऐकणारा कान पाहिजे, बस."

नाशिकच्या भंगविज्ञान प्रयोगशाळेत कुणी पाहुणा आला की सबनीस हा प्रयोग दाखवत. आजचे पाहुणे सलोखा प्राधिकरणाचे उपसंचालक कळमकर. त्यांना असली गंमत आवडायची.

"आणि भेग नेमकी कुठं आहे, ते?"

"चार कोपऱ्यांना चार कान लावलेत. ज्या कानाला आवाज सगळ्यात आधी पोचतो, त्याच्याजवळ भेग. त्या जागेला आम्ही उगम म्हणतो. उगम वेळेत काढला की बाकीची वस्तू वाचते."

"माणसांच्या आतून कुठं टिकटिक येते?" कळमकर हसले.

"येते," कोपऱ्यातून डॉ. संघमित्रा ओव्हाळ म्हणाल्या. त्या भाषाशास्त्रज्ञ. सबनीसांच्या लोखंडातल्या युक्तीचं माणसांसाठी यंत्र झालं ते त्यांच्यामुळं. "मराठीत 'आपण' आणि 'आम्ही' असे दोन शब्द आहेत. 'आपण जेवू' म्हटलं की ऐकणारा पंगतीत बसलेला असतो. 'आम्ही जेवू' म्हटलं की तो उंबऱ्याबाहेर. भाऊ-भाऊ वेगळे निघतात ना साहेब, त्याच्या दीड वर्ष आधी घरात भांडण नसतं. सगळं गोड असतं. फक्त एक जण म्हणतो, 'आपण दिवाळीला गावी जाऊ,' आणि दुसरा म्हणतो, 'आम्ही बघतो.' 'आपण'ला 'आम्ही' हे उत्तर आलं, की ती टिचकी. यंत्र तेच मोजतं."

त्या यंत्राचं नाव दुभंगमापक. विजेच्या बटणाएवढी डबी, भिंतीला लावायची. घरातलं बोलणं ऐकून ती घराला शंभरपैकी सांधांक देते, आणि अंक घसरला तर उगम कोण तेही सांगते. कायदा झाला दोन हजार छप्पन साली. उगम ठरलेल्या माणसाला सहा महिने विसावागृहात ठेवायचं आणि घर वाचवायचं. तीन लाख घरांत डब्या लागल्या. घटस्फोट निम्म्यावर आले, वाटण्या थांबल्या. कुणी हरकत घेतली नाही. संघमित्रानंही नाही, कायद्याच्या मसुद्यावर तिची सही होती.

"आता बातमी," कळमकर म्हणाले. "अकरा महिन्यांपूर्वी चारशे गावांत यंत्रं लावली होती. घराघरात, चावडीवर, रेशनच्या दुकानात. निकाल आलाय. राज्यात पहिलं गाव, सांधांक अठ्ठ्याण्णव! हरणकुशी."

संघमित्राच्या हातातला चहा तसाच राहिला. हरणकुशी तिचं आजोळ. तिथल्या खालच्या वस्तीत तिची गजरामावशी राहत होती. आठ वर्षांपूर्वी मिरवणुकीच्या वाटेवरून त्या वस्तीतली अकरा घरं जाळली होती, आणि पुढचे एकोणीस दिवस वरच्या गावानं पाणी तोडलं होतं. तेव्हा कुठं सरकारनं वस्तीला वेगळी टाकी बांधून दिली. तिचा व्हॉल्व्ह वस्तीच्या हातात.

"सर, काहीतरी चुकलंय."

"चुकतंय कसलं? गाव एकजीव झालंय. म्हणून तर 'एक गाव, एक टाकी' तिथनंच सुरू करतोय. वस्तीची टाकी पाडायची, नळ वरच्या टाकीला जोडायचे. बारा दिवसांनी ग्रामसभा आहे. दुहीची खूण कशाला ठेवायची?"

*

"तुझं मशीन लई शहाणं दिसतंय," मावशी फोनवर म्हणाली. "आम्हाला पास केलं म्हणे. मी तर बिगारीतच नापास झाल्ते."

"मावशी, थट्टा नको. वरच्या आळीतले लोक तुमच्याशी कसे बोलतात आता?"

"बोलत्यात कुठं? दुकानदार पिशवी ठेवतो, आपण उचलायची. भांडण नाही, तंटा नाही. आठ वर्षांत मला कुणी 'सरक' बी म्हणालं नाही. मी आधीच सरकते ना."

"आणि टाकी?"

"टाकी गेली तर काय, व्हॉल्व्ह गेला." मावशीचा आवाज उतरला. "एकोणीस दिवस, पोरी. तुझ्या काकाला मेल्यावर आंघोळ घालायला पाणी नव्हतं. मी सांडलेलं हापश्याखालचं वाटीनं भरलं. तेवढा व्हॉल्व्ह वाचव. दुसरं काय मागत नाही तुला."

संघमित्रानं हरणकुशीचं अकरा महिन्यांचं बोलणं काढलं. चौथ्या दिवशी चूक सापडली आणि तिला स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं. वरच्या गावाशी बोलताना वस्तीतली म्हातारी माणसं 'आपण' हा शब्द वापरत होती, सारखा वापरत होती. 'आपण म्हणाल तसं, अण्णा.' 'आपण मायबाप आहात.' हा सोबतीचा 'आपण' नव्हताच. हा हात जोडलेला 'आपण' होता. यंत्राला दोन्ही सारखेच ऐकू येत होते. जितकी लाचारी जास्त तितका सांधांक वर! मराठीत पीएचडी केलेल्या बाईकडून ही चूक व्हावी!

तिनं हात जोडलेले सगळे 'आपण' वेगळे काढून टाकले आणि सबनीसांना बोलावून अंक पुन्हा काढला. पडद्यावर आकडा आला. शंभर.

"वाढला?" ती ओरडली.

सबनीसांनी टेबलावरचे पट्टीचे दोन तुकडे उचलले. त्या दिवशी कळमकरांसमोर तुटलेली तीच पट्टी. तुकडे त्यांनी तोंडाला तोंड लावून धरले.

"हे ताणून बघा. कर्ण्यातून काय येईल?"

"काही नाही."

"का?"

"कारण ताण एका तुकड्यातून दुसऱ्यात जातच नाही."

"भेग वाढते तेव्हा आवाज येतो. पूर्ण तुटल्यावर शांतता असते. अखंड पट्टी आणि तुटलेली पट्टी, यंत्राला दोन्ही सारख्याच. अठ्ठ्याण्णव होता तो त्या जोडलेल्या हातांमुळं थोडंफार बोलणं होत होतं म्हणून. ते काढलंत, उरलं शून्य बोलणं. शून्य टिचक्या. शंभर."

"हे कळमकरांना सांगू."

"संशय आला तेव्हाच सांगितलं मी, सकाळी. फोनवर. ते म्हणाले, यंत्र अठ्ठ्याण्णव म्हणतंय आणि तुम्ही तुटलंय म्हणता, तर पुरावा द्या. टिचकी ऐकवा."

"टिचकी यायला ताण पलीकडे गेला पाहिजे."

"म्हणजे वस्तीतल्या कुणीतरी वरच्या गावाला खरा 'आपण' म्हटलं पाहिजे," सबनीस म्हणाले. "बरोबरीचा. ग्रामसभेत. यंत्रासमोर."

*

"मी बोलू?" मावशी फोनवर हसायलाच लागली. "अगं, मी ग्रामसभेत चपलांपाशी बसते."

"तिथनंच बोल. एकच वाक्य. टाकी एकच ठेवायची ना, मग आपण सगळे खालच्या टाकीचं पाणी पिऊ, एवढंच म्हण. खालची टाकी नवी आहे, मोठी आहे. म्हणणं रास्त आहे."

"रास्त तर हायेच," मावशी म्हणाली. "ते काय म्हणतील माहितीये ना तुला?"

"माहितीये. तेच यंत्राला ऐकायचंय."

"म्हणजे मला शिव्या बसल्या की व्हॉल्व्ह वाचला."

"हो," संघमित्रा म्हणाली.

"बरं," मावशी म्हणाली. "स्वस्तात पडतंय."

ग्रामसभा सकाळी दहाला झाली. संघमित्रा प्रयोगशाळेत बसून चावडीवरच्या डबीतून ऐकत होती. उपसरपंच तात्या जगधने यांनी ठराव वाचला. राज्यात पहिले आलो, टाळ्या. एक गाव, एक टाकी, टाळ्या. कुणाला काही बोलायचंय का, असं त्यांनी विचारलं. ते विचारायची पद्धत असते म्हणून विचारलं.

"बोलायचंय," चपलांपाशी आवाज आला.

"बोला गजराबाई. बोला की!" तात्या खुशीत होते.

"टाकी एकच ठेवू. चांगलंच हाये. मग आपण सगळे खालच्या टाकीचं पाणी पिऊ. ती नवी हाये, वरची गळती. आपण वरची पाडू."

"आपण?" तात्या म्हणाले. "कोण आपण?"

"आपण म्हणजे आपण. तुम्ही, मी, गाव."

"आम्ही तुमच्या टाकीचं पाणी प्यायचं?" मागून कुणीतरी उठलं. "आम्ही?" मग दुसरा. मग सगळेच. आम्ही काय मेलो का! आम्ही वर्गणी काढू पण! आम्ही, आम्ही, आम्ही. नाशिकमध्ये कर्णा वाळल्या शेंगांसारखा तडतडायला लागला आणि आकडा बघता बघता शंभरावरून एकतीसवर आला.

संघमित्रा खुर्चीवरून उठली. "सापडली! ऐकली ना सबनीस, भेग ऐकली ना तुम्ही?"

सबनीस आकड्याकडे बघत नव्हते. आकड्याखाली आलेली ओळ वाचत होते. त्यांनी चष्मा काढला.

*उगम : गजराबाई, खालची वस्ती, हरणकुशी. विसावागृहात रवानगी प्रस्तावित.*

*

"यात यंत्राची चूक नाही," दुसऱ्या दिवशी कळमकर शांतपणे म्हणाले. "ज्या कानाला आधी आवाज पोचतो तिथं उगम. तुमचंच तत्त्व. बाईंनी तोंड उघडेपर्यंत गाव शंभर होतं. त्या बोलल्या आणि एकतीस झालं. आता त्या गेल्यात, गाव परत शंभर. सांगा बरं, भेग कुणी पाडली?"

"भेग आठ वर्षांपूर्वी पडली! अकरा घरं जळली तेव्हा! त्याच्याही आधी, हजार वर्षं—"

"यंत्र अकरा महिन्यांपूर्वी बसलं, बाई."

ती बाहेर आली. सबनीस जिन्यात उभे होते.

"एक विचारू?" ती म्हणाली. "घरांमध्ये उगम कोण निघतात? तीन लाख घरांत?"

"सुना. शंभरात ऐंशी."

"तुम्हाला कधी विचित्र वाटलं नाही?"

"वाटलं. मी म्हटलं, सुना बाहेरून येतात, सांधा तिथंच कच्चा असणार." त्यांनी खाली बघितलं. "तुम्हाला वाटलं?"

तिनं तो तक्ता दर तिमाहीला तपासून पुढं पाठवला होता. सासू चाळीस वर्षं टोमणे मारते आणि ते घरातलं हवापाणी असतं. सून एक दिवस म्हणते, 'आपण जरा नीट बोलू या का,' आणि सासरे म्हणतात, 'आम्ही असेच आहोत.' टिचकी. उगम, सून. तिला सगळं दिसत होतं आणि तिनं बघितलं नव्हतं.

एकच वाट उरली होती. कायद्यात अपील होतं: उगमाच्या आधीचा आवाज सापडला तर उगम मागं सरकतो. संघमित्रानं अपील केलं. मागं जा, असं तिनं लिहिलं. गजराबाईंच्या आधी कोण बोललं ते शोधा. त्याच्याही आधी कोण ते शोधा. तिला वाटलं, यंत्राला मागं मागं ढकलत नेलं की ते कधीतरी त्या एकोणीस दिवसांपाशी जाऊन धडकेल. अकरा महिन्यांच्या पलीकडे त्याला कानच नव्हते हे ती विसरली. नाही, विसरली नाही. तिला दुसरं काही करता येत नव्हतं.

अपील नऊ दिवसांत मंजूर झालं. प्राधिकरणानं असं तत्परतेनं क्वचितच काम केलं असेल. यंत्र मागं गेलं, मावशीच्या घरातल्या डबीपर्यंत गेलं आणि तिथं त्याला मावशीच्या आधीचा आवाज सापडला. ग्रामसभेच्या दोन दिवस आधी, फोनवरचा. *तिथनंच बोल. एकच वाक्य.*

*सुधारित उगम : डॉ. संघमित्रा ओव्हाळ. मूळ उगम-व्यक्तीस मुक्त करण्यात येत आहे.*

मावशी घरी आली त्या सकाळी संघमित्रा विसावागृहात दाखल झाली. तिची प्रयोगशाळेतली जागा रिकामी झाली. यंत्राची चूक सांगू शकणारे आता सबनीस एकटे उरले होते, आणि पहिल्यांदा बोलायची पाळी त्यांची होती. प्रयोगशाळेच्या भिंतीवरही डबी होती. प्रयोगशाळेचा सांधांक त्या आठवड्यापासून शंभर आहे.

टाकी तीन दिवसांत पाडली.

विसावागृहात आठवड्याला एक फोन करता येतो. संघमित्रानं मावशीला लावला. पलीकडून उचलला गेला. दोघींच्याही भिंतीवर डबी होती, आणि दोघींनाही ठाऊक होतं की जी आधी बोलेल, पुढच्या वेळी उगम तीच ठरेल. मागून वस्तीतल्या बायकांचा आवाज येत होता, रिकाम्या हंड्यांचा. नळाला पाणी नव्हतं. ते सांगायला कुणी बोलायची गरज नव्हती. मावशीचा श्वास ऐकू येत होता, मध्येच तोंड उघडल्यासारखा, मग मिटल्यासारखा. संघमित्रानं ओठ दाताखाली दाबून धरले. मावशीला वाचवायचं तर आधी आपण बोललं पाहिजे, असं तिला वाटलं. आणि मावशीलाही पलीकडे तेच वाटत असणार, हे कळल्यावर तिला रडू आवरेना. दहा मिनिटं संपली. फोन कट झाला.

यंत्रानं त्या फोनची नोंद केली. टिचक्या शून्य.