बोळातला कोळसा

टेपचं एक टोक तिच्या हातात आलं, तिने मान वर केली, तर दुसरं टोक धरून एक अनोळखी तरुण उभा होता... केसांवर सिमेंटची धूळ आणि ओठांत दाबून धरलेलं हसू.

"ताठ धरा," मोजणीदार म्हणाले.

"सांभाळा हं," तो म्हणाला, "मी ओढतोय."

"ओढा की. मी काही सोडणार नाही."

बोलून गेली आणि तिचे कान तापले.

भांडण होतं दोन घरांमधल्या बोळाचं. बोळ कसला, समोरून कुणी आलं तर अंग चोरून उभं राहावं एवढीच जागा. पण तिच्या कामाच्या खोलीची एकुलती एक खिडकी तिथे उघडायची. वडिलांमागे ती घड्याळं दुरुस्त करून घर चालवत होती, आणि केसासारख्या स्प्रिंगा बसवायला लागणारा मऊ उजेड त्या खिडकीतूनच यायचा. शेजारचे काका म्हणत, बोळ आमचा, इथे उंच भिंत घालणार. आई म्हणे, बोळ आमचा, घालूनच दाखवा. हा तरुण म्हणजे काकांचा धाकटा मुलगा, परगावी गवंडीकाम शिकून नुकताच परतलेला.

हद्दीचा दगडच जागेवर नव्हता, तर मोजायचं कुठून? मोजणीदारांनी टेप गुंडाळला. "दगड काय, माणसं हलवतात. म्हणून जुने लोक त्याच्याखाली कोळसा पुरायचे. कोळसा कुजत नाही. तो सापडेल तिथे हद्द. शोधा, पण एकट्याने खणायचं नाही. दोन्ही घरांचं माणूस हजर हवं."

मग रोज सकाळी बोळात कुदळ वाजू लागली. हळूच, कुणाची झोपमोड होऊ नये अशी.

"कालचाच खड्डा परत खणताय तुम्ही," ती म्हणाली.

"काल इथे तुम्ही उभ्या होता. खड्ड्याकडे लक्षच गेलं नाही."

"वडिलांनी कोळसा शोधायला पाठवलंय ना?"

"शोधतोय की... घाई कुणाला आहे?"

घाई तिलाही नव्हती. एकदा तो लिंबाची भलीमोठी कुंडी घेऊन आला. भांडण म्हटलं की थोडं आंबट हवंच, म्हणाला आणि तिच्या भिंतीच्या कोपऱ्यात ठेवून गेला. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, दोघांनाही कळलं नाही. कामाला बसली की तिच्या हातातलं चाक थांबायचं आणि ती नुसतीच खिडकीबाहेर बघत राहायची.

एका दुपारी रिमझिम लागली. पागोळ्यांखाली लिंबाचं रोप झोडपलं जात होतं, म्हणून तिने कुंडी बाजूला सरकवली. खालची माती भुसभुशीत होती... आणि काळी. तिने बोटांनी उकरलं. कोळसा! तोही अगदी तिच्या भिंतीला चिकटून. म्हणजे सगळा बोळ काकांचा.

आजूबाजूला चिटपाखरू नव्हतं. ओंजळभर काळं उचलून फेकलं असतं, तर खिडकी जन्मभर तिची होती. ती भिजत उभी राहिली. मग तिने त्याला हाक मारली.

तो आला, पाहिलं, पण दचकला नाही.

"तुला माहीत होतं," ती म्हणाली.

"पहिल्याच संध्याकाळी एकट्याने उकरून पाहिलं होतं."

"आणि वर कुंडी ठेवलीस."

"तुझी खिडकी जात होती. आणि..."

"आणि काय?"

"आणि सकाळी इथे यायचं कारणही."

तिला खूप रागवायचं होतं. अर्धंच जमलं. "खिडकी मला हवीच आहे रे, जीव तुटतो तिच्यासाठी. पण अशी नको. रोज त्या उजेडात बसून मला चोरी आठवेल."

"चुकलो," तो म्हणाला.

मोजणीदारांना तिने स्वतः कोळसा दाखवला. काका तिच्याकडे बघतच राहिले. आईने अबोला धरला. दुसऱ्या दिवशी विटा आल्या आणि त्यानेच थापी हातात घेतली. ती डोळ्याला भिंग लावून बसली, पण भिंगात सारखं पाणी येत होतं. एकेक थर चढत होता. आता खिडकीच्या खालच्या कडेपर्यंत... आता वर... पण थापीचा आवाजच थांबला.

तिने डोकावलं. तो भिंतीवर कोपरं टेकून उभा होता.

"थांबलास का?"

"बाबांना सांगितलं, याच्यावर वीट चढवायची तर सून दुसरीकडे शोधा."

"मग? काका चिडले असतील."

"चिडले ना. मग म्हणाले, जी पोरगी स्वतःच्या विरुद्ध पुरावा काढून देते, ती घरात आली तर डोळे मिटून किल्ल्या द्याव्यात."

"वा! घर ठरलं, किल्ल्या ठरल्या... आणि मला कोण विचारणार?"

"विचारतोय," तो म्हणाला. हसू कुठल्या कुठे पळालं होतं. "मला तू आवडतेस. टेप धरलास तेव्हापासून. येशील?"

तिने डोळ्यावरचं भिंग काढून खिडकीच्या कडेवर ठेवलं.

"पुन्हा काही लपवलंस, तर ही भिंत मी स्वतः पुरी करीन."

"म्हणजे... हो?"

"हो."

अबोला धरल्यापासून पहिल्यांदाच आतून आईचा आवाज आला, "कोण आहे गं खिडकीशी?"

"कुणी नाही आई," ती म्हणाली. "आपलंच माणूस आहे."