गेरूतली वाट

गेरू लागला की पहार खाली ठेवायची. का, म्हणून विचारायचं नाही.

ललिता हे पाळण्यात असल्यापासून ऐकत आली होती. छप्पन्न साली बौद्ध धम्म घेतल्यावर वस्तीनं देव्हाऱ्यातले टाक नदीला सोडले, नवस सोडले, अंगात येणं सोडलं. हा एवढा नियम मात्र कुणी सोडला नाही. म्हणून वस्तीची विहीर अर्धीच राहिली. काळा पाषाण फोडत माणसं गेरूच्या तांबड्या थरापर्यंत पोचली आणि तिथून जी वर आली, ती पुन्हा कधी उतरली नाहीत. पावसाळ्यात तळाला गुडघाभर गढूळ पाणी साचायचं, होळीपर्यंत आटायचं. मग ललिताची आई, तानूबाई, रिकामी घागर घेऊन गावविहिरीच्या कडेला बसायची. वरच्या आळीतली कुणी बाई लांबून, शिंतोडा अंगावर येणार नाही अशा बेतानं पाणी ओतेपर्यंत बसायची. कधी कुणाला दया यायची, कधी नाही.

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात ललिता कोल्हापूरहून सुट्टीला आली ती पिशवीत हातोडी घेऊनच. कॉलेजात तिला भूगर्भशास्त्र होतं आणि प्रॅक्टिकलसाठी प्रत्येकानं आपापल्या भागातला दगड आणायचा होता. काम एवढंच. विहिरीत उतरायचं, गेरूचा तुकडा काढायचा, वर यायचं.

केरबातात्याला, म्हणजे थोरल्या चुलत्याला, तिनं विचारलंच नाही. गावोगाव विहिरींना सुरुंग लावत फिरणारा मीरासाब तिथंच बाभळीखाली जेवून पडला होता. तिनं त्यालाच उठवलं.

"चाचा, जरा दोर धरा. दगड आणते न् आले."

"तात्याला म्हाईत हाय?"

"तात्याला सगळंच म्हाईत असतंय. म्हणून तर घागर रिकामी हाय."

मीरासाब हसला आणि दोराचा वेढा त्यानं हाताला घेतला. "जा. पर लई वेळ थांबू नगंस."

अर्ध्यापर्यंत दगडी पायऱ्या होत्या, पुढं नुसता दोर. वर ऊन रणरणत होतं, पण काठापासून दोन माणसांच्या उंचीइतकं खाली आल्यावर ते कुणी झाकण लावल्यासारखं बंद झालं. अंगाला गारवा लागला. शेवाळाचा वास येईल असं तिला वाटलं होतं. आला तो दवाखान्याचा. जखमेवर लावतात त्या टिंक्चर आयोडिनचा.

तळाला वाळलेल्या गाळाचे पापुद्रे होते. तिनं ते हातानं बाजूला सारले. खाली गेरू लागला, दगडासारखा घट्ट पण हाताला ओलसर, आणि त्यावर ठसे होते. बोटांनी टोचावेत तसे बारीक खड्डे, दोन ओळींत, मध्ये हातभर अंतर सोडून. एका बाजूच्या काळ्या पाषाणाच्या बुडातून त्या ओळी निघाल्या होत्या आणि समोरच्या पाषाणाच्या बुडात शिरल्या होत्या.

असे ठसे आणि ते उमटवणाऱ्या जनावराचं चित्र तिनं कॉलेजच्या लायब्ररीत पाहिलं होतं. पावसाळ्यात उकिरड्यावर फिरते ती वाणी, हात लावला की पैशासारखी गुंडाळणारी. तशीच, पण आडव्या पडलेल्या माणसाहून लांब. लहानपणी वाणी मुठीत धरली की बोटांना हाच दवाखान्याचा वास यायचा, तेही तिला आठवलं.

ती मोठ्यानं हसली. "वाणी! आख्ख्या वस्तीची तहान एका वाणीपायी!"

हसू भिंतींवर आपटून खाली आलं आणि विरलं. मग तिच्या मनात आलं, ते जनावर तर हा काळा लाव्हा वाहायच्या कितीतरी युगं आधीच नामशेष झालं होतं. इथं ते चाललं कसं? सरांना सांगितलं तर ते म्हणतील, पुस्तकात नाही ते असत नाही. म्हणजे तेही तात्याच.

हातोडी घेऊन ती पुढं सरकली, तेव्हा तिला ते दिसलं. ठशांची वाट सरळ येत होती आणि तळाच्या मधोमध वळत होती. मुंग्यांची रांग खड्याला वळसा घालते तशी. पण तिथं खडा नव्हता. नुसती गुळगुळीत, रिकामी जागा होती. तुकडा काढायला तीच जागा सोयीची, म्हणून ती तिथं अनवाणी उभी राहिली.

ठसे तिच्या डाव्या पावलाच्या कडेकडेनं गेले होते. टाच, तळव्याचा बाक, करंगळी. मध्ये नखाएवढी फट.

तिनं पाय जवळ घेतले. फट तेवढीच. पाय फाकले. तेवढीच. ठसे हललेले तिला दिसले नाहीत. दगडातले ठसे हलणार तरी कसे? तिनं डोळे मिटून पाऊल आडवं केलं आणि खाली पाहिलं. फट तेवढीच होती. त्या जनावरानं ज्याला वळसा घातला होता, तो माणूस त्या वेळी जन्माला यायचाच होता.

मग आवाज आला. पोत्यातून ज्वारी सांडावी तसा, सलग, सावकाश. गेरूच्या खालून. एका भिंतीकडून दुसरीकडे... तळव्यांना बारीक मुंग्या आल्या. आवाज अगदी तिच्या पायांखाली पोचला, थांबला... आणि बाजूनं गेला.

"चाचा..." तिनं दोराला हिसडा दिला. "ओढा..."

वर केरबातात्या उभा होता. शेजारी वस्तीतली चार जाणती माणसं आणि पदर तोंडाला लावलेली आई. मीरासाबनं वेढा सोडला होता, पण दोर अजून ललिताच्या मुठीत होता, खालचं टोक विहिरीत लोंबत होतं.

"मधल्या जाग्यात उभी ऱ्हायलीस?" तात्यानं हळूच विचारलं.

"व्हय."

"वळशात पाय बसलं?"

तिनं आपल्या डाव्या पावलाकडं पाहिलं.

"माझं बी बसलं हुतं. एवढं थोरलं पाय, तरी बसलं. सयाजीचं बी बसलं." तात्याचा आवाज खाली गेला. "माझा पाठचा भाऊ त्यो. वर आला, पर मरंस्तवर भुईला पाय टेकला न्हाय त्येनं. बाजंवर पाय घेऊन बसायचा न् म्हणायचा, खालनं जातंय... जाऊ द्या..."

"मला का न्हाई सांगितलं कधी?"

"सांगून तू उतरायची थांबली असतीस व्हय? कालेजात ह्येच शिकिवत्यात, थोरल्यांच्या तोंडाला लागायला?" तो बाकीच्यांकडं वळला. "हीर बुजवायची. उद्याच माती वडायची. गाव घालंल ते पाणी पिऊ."

"ऐक लले त्यांचं," आई म्हणाली. "मला हाय सवय बसायची."

तो सवय शब्द ललिताच्या काळजात घुसला. ती तात्याकडं वळली.

"तात्या, तुम्ही उभं ऱ्हायलासा. सयाजीतात्या उभं ऱ्हायलं. मी आत्ता उभी ऱ्हायली. कुणाला चावलं ते? कुणाला खाली वडलं?"

"तसं न्हवं..."

"कसं मग? माणूस उभा हाय म्हणून ते बाजूनं गेलं, तात्या! किड्यानं वळसा घातला. आणि तुम्ही मला गावाच्या पाण्यावर बसायला सांगताय? माझ्या आईची सावली पडली तर बाया अजून घागर धुत्यात! भ्यायचंच असलं तर त्यास्नी भ्या."

"लले..."

"हीर बुजवू देणार न्हाई मी. गेरू घामेजलाय खाली. त्याच्या बुडाला पाणी हाय. कुणी आला न्हाई तर चाचाची पहार घेऊन मी एकटी उतरीन. आणि जातंय ते खालनं, तर जाऊ दे. आपण बी तिथंच ऱ्हायाचं."

जाणत्या माणसांनी माना खाली घातल्या. मीरासाबनं पहार उचलून तिच्या पायाशी आणून ठेवली.

तेवढ्यात ललिताच्या हातातला दोर ताणला गेला. त्याचं खालचं टोक विहिरीत मोकळं लोंबत होतं, खाली कुणी नव्हतं. दोरातून बारीक ठोके वर येऊ लागले, पायामागून पाय पडावा तसे, एकामागून एक, एकामागून एक, संपेचनात.

तिनं दोराचा वेढा हाताला घेतला आणि ती पाय रोवून उभी राहिली.