वुथींना बोलवायला मी गेले होते

हे खरं घडलेलं आहे. माझ्याच घरात घडलंय आणि अजून संपलेलं नाही. ज्यांना हसायचंय त्यांनी खुशाल हसावं. मीसुद्धा अशा गोष्टींना हसायचे.

दिवस पक्का आठवतो. यंदाच्या माघ पौर्णिमेचा आदला दिवस, गुरुवार. जागा, आमच्या कोक त्नोत गावामागचं जुनं देऊळ. सरकारी कागदात त्याला नंबर आहे. आम्ही नुसतं प्रासात म्हणतो.

माझं नाव राक्स्मे. मी देवळाच्या डागडुजीच्या कामावर आहे. पडलेल्या दगडांवरचं शेवाळ ब्रशने काढायचं आणि रंगाने नंबर टाकायचे, हे माझं काम. माझ्या मोठ्या बहिणीचा नवरा वुथी तिथेच गवंडी. बहिणीचं नाव मालिस. मी त्या दोघांच्याच घरी राहते.

मेहुणे म्हणजे तोंडाचा पट्टा. एका जेवणाला दहा-दहा मिरच्या खायचे. मालिस ओरडली की म्हणायचे, "तुझ्यापेक्षा मिरची बरी. एकदाच चावते."

मला रोज एकच प्रश्न. "ऊन, जेवलीस का?" धाकट्यांना आमच्यात ऊन म्हणतात, थोरल्यांना बाँग. उत्तर देईपर्यंत माझ्या डब्यातला मासा त्यांच्या तोंडात गेलेला असायचा.

पूर्वेच्या भिंतीवर एक देवता आहे. मुकुट, दागिने, हातातलं कमळ, सगळं कोरलेलं. चेहरा मात्र कोराच. आठशे वर्षांपूर्वी कुणीतरी काम अर्धं सोडलं. आम्हीही ते पूर्ण करायचं नाही, असा कामाचा नियमच आहे.

मेहुणे म्हणायचे, "जेवायला गेला बिचारा. बायकोने येऊच दिला नाही."

त्या गुरुवारी सकाळी एक मोठा जांभा दगड हलवताना त्यांना खाली एक छिन्नी सापडली. लोखंडाची, गंजून पापुद्रे सुटलेली. फार जुनी. त्यांनी ती आपल्या क्राम्यात, म्हणजे घाम पुसायच्या चौकड्यांच्या पंच्यात, गुंडाळून पिशवीत ठेवली.

"दुपारी ऑफिसात देतो," म्हणाले.

तासाभरात दगड उचलायची साखळी घसरली आणि ते परांचीवरून खाली आले.

रक्त नाही. जखम नाही. श्वास चालू. फक्त डोळे उघडेनात.

डॉक्टर म्हणाले, हाड मोडलेलं नाही, शुद्धीवर कधी येतील सांगता येत नाही. आम्ही त्यांना घरी आणलं. मालिस तीन महिन्यांची गरोदर होती. ती नवऱ्याचा हात धरून बसली ती हलेचना.

मग पागोड्यातले म्हातारे आचार मोन आले. पूजाविधी तेच सांगतात. त्यांनी मेहुण्यांच्या मनगटाला हात लावला आणि मान हलवली.

"हा इथे नाहीच. त्याचा प्रलुंग, त्याचा जीव, देवळातच राहिलाय, जिथे पडला तिथे. भीतीने जीव असा बाहेर पडतो आणि मग त्याला वाट सापडत नाही. बोलवायला लागेल."

"मी जाते," मालिस म्हणाली.

"पोटुशीने जायचं नसतं. ही जाईल." त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "वाडगाभर भात, उकडलेलं अंडं, उदबत्ती. आणि त्याच्या अंगाचा घाम लागलेला कपडा. धुतलेला नको. सूर्य बुडायच्या आत हाक मार. येताना मागे बघायचं नाही."

घरात एकही न धुतलेला कपडा नव्हता. सणासाठी मालिसने आदल्या दिवशी सगळे धुतले होते, अंगावरचे दवाखान्यात कापले होते. सूर्य तर झाडांना टेकलेला.

मला क्रामा आठवला. पिशवी कामावरच राहिली होती.

भाताचा वाडगा घेऊन मी धावत देवळात गेले. पिशवीतून क्रामा ओढला, छिन्नी झटकून खाली टाकली आणि तो भातावर पसरला. त्या घाईत मी दुसरा विचारच केला नाही. आज त्याचीच शिक्षा भोगतेय.

उदबत्ती लावली. मेहुणे पडले होते तिथे उकिडवी बसले.

"चला हो घरी... भात शिजलाय. मालिस वाट बघतेय. इथे दगडांत कशाला बसलाय? उठा, चला..."

तीनदा म्हटलं.

रातकिडे ओरडत होते. ते एकदम थांबले...

हातातला वाडगा जड झाला. किती जड? कुणी ओला दगड ठेवावा तितका.

मी उठले आणि चालू लागले. मागून पावलं आली. मला रडूच फुटलं, म्हटलं आले, मेहुणे आले.

पण मेहुणे प्लास्टिकच्या चपला घालायचे. फटफट आवाज करत चालायचे. ही पावलं अनवाणी होती.

देवळाभोवतीचा खंदक कधीचाच कोरडा पडलाय. त्यात लोक भात लावतात. सगळं गाव मधूनच जातं, मीही गेले.

पावलं काठावर थांबली...

मग घाईघाईने काठाकाठाने जाऊ लागली. लांब, पार जुन्या पुलाकडे. आणि पुलावरून वळून पुन्हा माझ्या मागे आली.

जसं काही खंदकात अजून पाणी होतं.

मी मागे पाहिलं नाही. घरी पोचले. आमचं घर खांबांवर आहे. वर दारात मालिस उभी होती. रीतीप्रमाणे तिने विचारलं, "आले का?"

मी म्हटलं, "आले."

आचारांनी मनगटाला दोरा बांधला. गाठ बसली आणि डोळे उघडले.

मालिस इतकी रडली, इतकी रडली. मीही. तो मात्र छपराच्या पत्र्याकडे बघत होता.

दुसऱ्या दिवशी जेवायला बसलो. मालिसने हौसेने मिरच्या पुढे ठेवल्या. त्याने एक उचलली. उलटसुलट करून पाहिली. चावली आणि थुंकली. डोळ्यांत पाणी आलं.

"हे काय आहे?" त्याने विचारलं.

मालिस हसली. तिला वाटलं, थट्टा करतोय.

तो थट्टा करत नव्हता. तो फार कमी बोलायचा. बोलायचा ते आमच्याच भाषेत, पण पागोड्यात पोथी वाचतात तसं. त्याने हळूच विचारलं, "मिरी नाही का?"

पंधरा दिवसांनी तो कामावर यायला लागला. मी खंदकातून जायचे, तो पुलावरून. एकदा म्हटलं, "बाँग, इकडून या की, कोरडंच आहे." त्याने माझ्याकडे असं पाहिलं, जसं मी त्याला बुडवायलाच निघाले होते.

ऑफिसात सोमाली बाई आहेत, देवळाचे नकाशे काढतात. एके दिवशी जेवताना मी त्यांना मिरचीचा किस्सा सांगितला. सगळ्या हसल्या.

सोमाली बाई म्हणाल्या, "यात काय नवल? देवळं बांधली तेव्हा इथे मिरची होतीच कुठे? ती नंतर समुद्रापलीकडून आली. तेव्हाचे लोक मिरीच खायचे."

त्या पुढे काय बोलल्या, मला ऐकूच आलं नाही. मला फक्त क्रामा दिसत होता. आणि त्यात गुंडाळलेली छिन्नी. त्या कपड्यावर घाम मेहुण्यांचा होता, पण तासन् तास तो दुसऱ्याच्या वस्तूला लपेटलेला होता. मी कुणाला हाक मारली आणि ती कुणाला पोचली?

त्याच आठवड्यात पूर्वेच्या भिंतीपाशी गर्दी झाली. साहेब लालबुंद झाले होते. कुणी केलं, कुणी केलं, विचारत होते.

देवतेला चेहरा आला होता...

मिटलेले ओठ, खाली झुकलेली नजर. शेजारच्या देवतांचे चेहरे ज्या हाताचे, त्याच हाताचा. फक्त दगड ताजा दिसत होता. आमच्या गवंड्यांपैकी कुणाची ती ताकद नाही. मेहुण्यांची तर नव्हतीच, ते साधे चिरे घडवायचे.

तो मागे उभा होता. हात पांढऱ्या धुळीने भरलेले. मी पाहतेय हे त्याला कळलं. त्याने हात मागे घेतले.

मी ब्रश उचलला आणि माझ्या दगडांकडे गेले.

मग पाऊस सुरू व्हायच्या सुमारास एके दुपारी मी देवळाच्या पडवीत एकटी डबा खात होते. बाकीचे झाडाखाली लांब बसले होते. लख्ख उजेड होता.

"ऊन... जेवलीस का?"

हातातला घास खाली पडला.

आवाज मेहुण्यांचा होता. ते पडले होते त्या कोपऱ्यातून. तिथे कुणीच नव्हतं.

"ऊन, त्या दिवशी तू आलीस. मी उठलोसुद्धा. तू दुसऱ्यालाच घेऊन गेलीस गं."

रानात हाक आली आणि माणूस दिसलं नाही तर ओ द्यायची नाही, हे आमच्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं. मलाही ठाऊक होतं. पण तो आवाज इतका दमलेला होता... मला राहवलं नाही.

"थांबा बाँग," मी म्हटलं. "मी काहीतरी करते."

तशीच आचार मोनांकडे गेले आणि सगळं ओकले. क्रामा, छिन्नी, सगळं. त्यांनी रागावायला हवं होतं. ते रागावले नाहीत, याचीच मला जास्त भीती वाटली.

"पुन्हा बोलवता येईल," ते म्हणाले. "पण आधी आतल्याला सोडायला लागेल. दोरा तोडला की तो जाईल. मग बाहेरचा पोचेपर्यंत शरीर मोकळं राहणार. वुथी एवढे महिने बाहेर आहे. वाटेत दमला, चुकला, तर आपल्याला प्रेतच उचलायला लागेल. मला विचारू नकोस. तिला विचार. नवरा तिचा आहे."

संध्याकाळी मी मालिसला सांगितलं. ती भाजी चिरत होती. सुरी थांबलीसुद्धा नाही.

"मला माहितीये," ती म्हणाली.

"कधीपासून?"

"पहिल्या दिवसापासून. बारा वर्षं शेजारी झोपलेय मी. श्वास ओळखता येत नाही का?"

"मग बोलवू या की. आचार म्हणतात..."

"आणि नाही आले तर? तू सांगणार बाळाला, तुझ्या बापाला आम्हीच मोकळं केलं म्हणून?" आता तिचा हात थांबला. "हा जेवतो, काम करतो, माझे पाय चेपतो. शरीर तर वुथींचंच आहे ना. आहे ते राहू दे. पुन्हा हा विषय काढलास तर आपलं नातं संपलं."

मी तिच्यावर चिडले. खूप चिडले. पण चूक माझी होती, मी कुठल्या तोंडाने बोलणार?

दुसऱ्या दिवशी दुपारी आवाज कोपऱ्यात नव्हता. महाद्वारापाशी होता. चार दिवसांनी खंदकाच्या काठावर.

मी ओ दिली होती ना. त्यांना वाट सापडली होती.

आणि परवा संध्याकाळी आम्ही तिघं जेवत होतो. बाहेर पाऊस नुकताच थांबला होता.

खाली अंगणात चपला वाजल्या. फट... फट... फट...

त्याने हातातला घास ताटात ठेवला.

"मालिस," खालून आवाज आला. "शिडी ओली आहे. कंदील दाखव."

मालिसने डोळे मिटले. तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं.

"मालिस... बाळ हलतं का गं आता?"

मी उठले. कधी उठले मला कळलंच नाही. माझा हात दाराच्या कडीवर होता. मागे वळून पाहिलं तर तो भिंतीला टेकून बसला होता. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा त्याने मला नावाने हाक मारली.

"राक्स्मे, उघडू नकोस. मला तिकडे परत नको पाठवू."

मालिस जड अंगाने उठली. माझ्याजवळ आली. माझी बोटं एकेक करून कडीवरून सोडवली आणि दाराला पाठ लावून उभी राहिली.



मग मेहुणे म्हणाले, अगदी त्यांच्या नेहमीच्या समजूतदार सुरात, "बरं. दमली असशील. झोप तू. मी इथे खालीच पडतो."

घराखाली दोन खांबांना त्यांची झोळी बांधलेली आहे. पडले त्या दिवसापासून तिला कुणी हात लावलेला नाही. ती करकरली... कुणी अंग टाकावं तशी. आणि हळूहळू झुलू लागली.

काल संध्याकाळीही करकरली. आजही.

बाळाला अजून पाच आठवडे आहेत. वर तो झोपेतही मालिसच्या कपड्याचं टोक मुठीत धरून असतो. मी दाराजवळ अंथरूण टाकते, कडीपासून हातभर अंतरावर. खालून ते मला एवढंच विचारतात, "ऊन, येऊ का वर?"

मी अजून हो म्हटलेलं नाही.